गॅस संपत नसतो

गॅस संपत नसतो, नीकानोर म्हणायचा,
तो काय पेट्रोल आहे?
कमी भरला म्हणजे कुठून तरी गेलाय.
कुठून, ते शोधायचे पैसे घ्यावेत,
भरायचे कुणीही घेतं.

एर्मोसियो. जून. दुपारचे सत्तेचाळीस.
आमची गाडी पुरती थांबायच्या आत
दोन्या रेफुखिओची कुत्री तिच्या सावलीत शिरली.
बाई ओला पंचा मानेवर टाकून बसलेली.
"तीन उन्हाळे झाले. मे महिन्यात पोरगा येतो,
गॅस भरतो, आठशे पेसो नेतो.
सान हुआनच्या सणापर्यंत पुरायचा.
यंदा तेवढाही नाही."

नीकानोरचा डावा कान कॉम्प्रेसरांनी खाल्ला.
बारीक फुसफूस त्याला कळत नाही,
म्हणून तो डोळ्यांनी ऐकतो:
तेल कुठे ओघळलंय,
आणि तेलावर वाळवंटाची धूळ कुठे बसलीय.
वायूला रंग नाही, वास नाही,
पण जाताना थोडं तेल सांडतो.
"चोर काही पाय पुसून जात नाही, पोरी."

बाहेर काहीच नव्हतं.
नटांना साबण लावला, पांढरा फेस नुसता बसून राहिला.
आत आलो. झाकण काढलं.
वास घेणारं मशीन माझ्या हातात.
कॉइलपाशी ते किरकिरलं,
खाली नेलं तर ओरडलं,
आणखी खाली, फळीवर,
तर नुसता आकांत.

अकरा बरण्या.
व्हिनेगरमध्ये बुडलेली चिल्तेपीन,
मिरीएवढी, लालभडक, डोंगरातून वेचून आणलेली.
नीकानोर हसला. "मशीनला भूक लागलीय."
मशीन बिचारं तसंच असतं,
त्याला कुठलीही वाफ पाहुण्यासारखी वाटते.

बाईने एकेक बरणी मोजून ओसरीत नेली.

मग उरलेला गॅस काढून घेतला, नायट्रोजन भरला,
आणि वाट पाहिली. या धंद्यात निम्मं काम हेच.
तिने जास्वंदीचं थंड सरबत दिलं.
काटा हलत नव्हता. हलत नव्हता.
मग बघितलं तर दहा खाली.

टॉर्च. दाताच्या डॉक्टरचा आरसा. ब्रशवर साबण.
पातळ पत्र्यांच्या मागे, जिथे बोट जात नाही,
मोहरीएवढा एक बुडबुडा आला.
थांबला.
मला वाटलं फसवतोय.
मग फुगला, ज्वारीएवढा,
आणि त्याच्या शेजारी दुसरा.

"तांब्यात वारुळं झालीत," नीकानोर म्हणाला.
"मुंग्या नाहीत, आंबूस वाफ.
रात्री दवात मिसळते, तांब्यात शिरते,
डोळ्याला दिसू न देता बोगदे खणते.
एक भोक बुजवलं तर शेजारचं उघडेल."

बाई ओसरीकडे बघत राहिली.
"घरात तेवढीच थंड जागा होती," ती म्हणाली.
"आन्सेल्मो ट्यूसॉनहून नाताळात येतो, पाच नेतो.
उन्हात ठेवल्या तर रंग जातो."

कुणी काही बोललं नाही.
कुत्री मात्र गाडीखालून एकदा भुंकली.

नवी कॉइल साडेसहा हजार. गॅस वेगळा.
"नुसता भरला तर?"
नीकानोरने टोपी काढली, आत बघितलं,
जणू उत्तर तिथे लिहून आणलं होतं.
"सान हुआनला यायला लागेल मला.
आणि मी पैसे घेईन, आणि तुम्ही द्याल,
आणि दोघांनाही माहीत असेल."

तिने आतल्या खोलीतून बिस्किटांचा डबा आणला.
नोटा मोजायला वेळ लागला; वीस-वीसच्या पुष्कळ होत्या.

कॉइल शनिवारी येणार. आम्ही हत्यारं आवरत होतो,
तेव्हा तिने माझ्या हातातला ब्रश धरला.
"तो साबण झाकणांना लावून बघ."
नीकानोर काही म्हणाला नाही.
ओसरीत बसून मी एकेक झाकण माखलं,
ती शेजारी उकिडवी, आरसा तिच्या हातात.
एक, दोन, तीन, नुसता फेस.
सातव्या बरणीच्या कडेला
मोहरीएवढं काहीतरी आलं,
थांबलं,
आणि मग फुगलं.

"ही," ती म्हणाली, माझ्या मांडीवर ठेवत,
"तुम्ही दोघांनी खा. लवकर."